बाळंतपण पडद्यावर खरं दाखवायचं म्हणजे नेमकं काय दाखवायचं?

कात्रीवाली
नमस्कार मंडळी. मी माहितीपटांचं संकलन करते. सध्या ज्यावर काम चालू आहे त्यात एका बाईचं गरोदरपण पाचव्या महिन्यापासून बाळ दीड महिन्याचं होईपर्यंत चित्रित केलंय. तिची, नवऱ्याची, प्रसूतिगृहाची, सगळ्यांची लेखी परवानगी आहे. अडलंय ते प्रत्यक्ष बाळंतपणाच्या भागावर.

निर्मात्यांना कळा सुरू झाल्यापासून बाळ रडेपर्यंत सहा मिनिटं हवीत, खाली संगीत, शेवटी बाळाचा चेहरा. दिग्दर्शिका म्हणते, हे तर सगळेच करतात, मग आपण इतके महिने तिथे कशाला होतो? आमच्याकडच्या चित्रीकरणात तिची उलटी आहे, जोर लावताना झालेली शी आहे, नंतरची थरथर आहे, वार पडतानाचं आहे, टाके घालताना छताकडे लागलेली तिची नजर आहे. आणि या सगळ्यापेक्षा कितीतरी जास्त आहे ते नुसतं वाट पाहणं.

माझा कल दिग्दर्शिकेकडे आहे. पण सगळं दाखवलं की आपोआप खरं दाखवलं, असंही मला वाटत नाही. म्हणून इथे विचारते: खरेपणासाठी काय ठेवायलाच हवं? आणि ते ठरवायचं कोणी? डॉक्टर, आया, बाबा, सिनेमावाले, नुसते प्रेक्षक, सगळ्यांनी लिहा.

रानपाखरू
फार चांगला विषय. वाचतेय.

निळीशाई
वाट पाहणं ठेवा. बाकी काहीही कापा, पण ते ठेवा.

आयुष्यभर सिनेमांत पाहिलेलं बाळंतपण म्हणजे बाई बोलता बोलता थांबते, पायाखाली पाणी, धावपळ, दोन किंकाळ्या, टॅहँ. माझ्या पहिल्या खेपेला पाणी आधी गेलंच नाही. कळा यायच्या, जायच्या, मी कपड्यांच्या घड्या घालत होते. दवाखान्यात गेलो तर तपासून म्हणाले, अजून वेळ आहे, घरी जा. तेव्हा मला रडू आलं ते दुखत होतं म्हणून नाही. मला वाटलं, माझंच काहीतरी बिघडलंय, कारण मी पाहिलं होतं त्यातलं काहीच घडत नव्हतं. एखाद्या माहितीपटात अशी घरी परत पाठवलेली बाई दिसली असती तर मी निवांत झोपले असते.

अनामिक_डॉक
निळीशाई, तुम्हाला जे वाटलं ते माझ्यासमोर बसून कित्येक जणी बोलून दाखवतात. मी स्त्रीरोगतज्ज्ञ आहे, म्हणून थोडे आकडे देतो, संकलनाला उपयोगी पडतील.

दिवस भरलेल्या गरोदरपणात कळा सुरू होण्याआधीच पाणी जातं ते साधारण शंभरातल्या आठ जणींचं. बाकीच्यांचं कळा चालू असताना जातं, किंवा आम्ही पिशवी फोडतो. जागतिक आरोग्य संघटनेच्या २०१८ च्या शिफारशींप्रमाणे गर्भाशयाचं तोंड ५ सेंटीमीटर उघडल्यावर कळांचा जोरकस टप्पा धरतात. तिथून पूर्ण उघडेपर्यंत पहिलटकरणीला १२ तासांपर्यंत लागू शकतात आणि जोर लावण्याचा भाग ३ तासांपर्यंत चालू शकतो. त्याआधीचा जो सुरुवातीचा काळ, त्याला तर ठरीव माप नाही. आता यातली सहा मिनिटं कोणती घ्यायची ते तुम्हीच पाहा.

दुसरं, आवाज. किंचाळणाऱ्या बायका असतात, नाही असं नाही. पण जास्त ऐकू येतो तो खालच्या पट्टीतला, पोटातून निघालेला लांब हुंकार. आणि दोन कळांच्या मध्ये पूर्ण शांतता. त्या मधल्या दीड-दोन मिनिटांत बाईला चक्क डुलकी लागते. हे कुठल्याही पडद्यावर मी क्वचितच पाहिलंय.

तिसरं, बाळ. ते गुलाबी, गुटगुटीत, डोळे उघडून बघणारं असं येत नाही. पहिल्या क्षणी निळसर-करडं असतं, अंगावर पांढरट मऊ थर, डोकं लांबुळकं दबलेलं. श्वास घेतला की रंग पालटतो. ते काही सेकंद प्लीज कापू नका.

चौथीखिडकी
सिनेमातली बाळं मोठी का दिसतात त्याचं साधं कारण आहे, ती मोठीच असतात. कॅलिफोर्नियात पंधरा दिवसांपेक्षा लहान बाळाला चित्रीकरणाच्या कामावर आणायला कायद्याने बंदी आहे. त्यापुढे सहा महिन्यांपर्यंतच्या बाळाकडून दिवसाला जास्तीत जास्त वीस मिनिटं काम. म्हणजे कथापटाच्या हातात नुकतंच जन्मलेलं बाळ येऊच शकत नाही. ते फक्त माहितीपटाला मिळतं. मग माहितीपटाने कथापटासारखं का दिसायचं?

सरळरेघ
थोडा वेगळा सूर लावतो, राग मानू नका.

माझी बहीण सातव्या महिन्यात आहे. कोणीतरी 'माहिती म्हणून' पाठवलेला प्रसूतीचा व्हिडिओ पाहून ती रात्रभर जागी होती, पुढचा आठवडा तिने कोणाशी धड बोलणं केलं नाही. त्यात खोटं काहीच नव्हतं. पण त्या खऱ्याचा तिला उपयोग काय झाला? शस्त्रक्रियेला जाणाऱ्या माणसाला आपण आतडी दाखवत नाही. रक्त, शी, टाके हे ज्यांना माहीत असायला हवं त्यांना माहीत असतं. प्रेक्षकाला भीती घालणं म्हणजे प्रामाणिकपणा, असं एक खूळ अलीकडे माहितीपटांत शिरलंय.

निळीशाई
सरळरेघ, रागावण्यासारखं काही नाही, बहिणीची काळजी आहे ती दिसतेय. पण तिने पाहिलेल्या व्हिडिओत ती बाई कोण होती, तिच्या बाजूला कोण होतं, दुसऱ्या दिवशी ती कशी होती, यातलं काही होतं का? की नुसतं कमरेखालचं?

सरळरेघ
नुसतं तेवढंच. चेहराही नव्हता.

निळीशाई
मग तिला घाबरवलं ते रक्ताने की चेहरा नसण्याने, याचा विचार करा. माझं म्हणाल तर मला चेहरा दिसला असता तर बाकीचं सगळं चाललं असतं.

चौथीखिडकी
हा मुद्दा धरून ठेवा, कारण कॅमेरा कुठे उभा आहे यावर निम्मा माहितीपट ठरतो. पायाशी उभा राहिला तर तो डॉक्टरच्या नजरेने बघतो. उशाशी राहिला तर त्या बाईला जे दिसतंय ते दिसतं: छत, दिवा, नवऱ्याची हनुवटी, कोणाचा तरी हात.

१९५९ सालची स्टॅन ब्रॅकेजची 'विंडो वॉटर बेबी मूव्हिंग' ही बारा-तेरा मिनिटांची मूक फिल्म. त्याच्या बायकोचं, जेनचं, पहिलं बाळंतपण. अतिशय जवळून घेतलंय, काहीही लपवलेलं नाही, काहींना आजही बघवत नाही. पण त्यातली मला सर्वांत महत्त्वाची वाटणारी गोष्ट वेगळीच आहे. बाळ झाल्यावर कॅमेरा जेनच्या हातात जातो आणि ती त्याचा चेहरा टिपते, बाप झालेल्या माणसाचा. ज्या बाईकडे आपण इतका वेळ बघत होतो, ती आता बघतेय. एवढ्याने त्या फिल्मचं सगळं गणित बदलतं.

त्याच्याही आधी, १९५३ मध्ये, जॉर्ज स्टोनीने 'ऑल माय बेबीज' केली. अमेरिकेतल्या जॉर्जिया राज्याच्या आरोग्य खात्यासाठी, सुईणींच्या प्रशिक्षणाला. मेरी कोली या कृष्णवर्णीय सुईणीचं काम त्यात आहे आणि खरं बाळंतपणही आहे. शिकवण्यासाठी केलेली असल्यामुळे काय लपवायचं हा प्रश्नच आला नाही. हात कसे धुवायचे तेही सविस्तर. आणि तरी ती कोरडी नाही, कारण मेरी कोली त्या बायकांशी बोलते कशी हे त्यात ऐकू येतं. पुढे २००२ मध्ये अमेरिकेच्या राष्ट्रीय चित्रपट नोंदवहीत तिचा समावेश झाला.

ध्वनिवेडा
मी ध्वनिमुद्रण करतो. बाळंतपणाच्या चित्रीकरणावर काम केलंय, त्यामुळे निर्मात्यांच्या त्या 'खाली संगीत'वर बोलायलाच हवं.

संगीत टाकलं की प्रेक्षकाला शेवट आधीच कळतो. वाद्यं हळूहळू चढायला लागली की सगळ्यांना ठाऊक, बाळ नीट येणार. खोलीतल्या माणसांना मात्र हे ठाऊक नसतं. त्यांच्याकडे फक्त त्या यंत्रातून येणारे बाळाचे ठोके असतात. मिनिटाला ११० ते १६० ही नेहमीची चाल. कळ भरात आली की कधी ते थोडे मंदावतात आणि खोलीतला प्रत्येक जण, अगदी कोपऱ्यात बूम धरून उभा असलेला मीसुद्धा, श्वास धरून ऐकतो. मग ठोके परत चाल पकडतात. कोणी काही बोलत नाही, फक्त नर्स हातातल्या कागदावर काहीतरी लिहायला लागते, आणि तिच्या लिहिण्यावरून कळतं की ठीक आहे.

यावर व्हायोलिन घालणार असाल तर मी तुमच्या पाया पडतो, घालू नका.

एक तांत्रिक सूचना: खोलीचा रिकामा आवाज भरपूर घेतलाय ना? पंखा, यंत्राची गुणगुण, बाहेरची चाकाची खाट. कट लपवायला तोच कामी येतो, आणि वेळ गेल्याची जाणीव चित्रापेक्षा जास्त त्यानेच होते.

कात्रीवाली
ध्वनिवेडा, भरपूर आहे. आमचा ध्वनिमुद्रक शहाणा होता. नर्सच्या लिहिण्याचं निरीक्षण वाचून मी लगेच आमचं चित्रीकरण पुन्हा पाहिलं. आहे! आणि मी तो तुकडा 'कामाचा नाही' या खान्यात टाकला होता. आता बाहेर काढलाय.

दुपारचीगाडी
माझ्या मुलाने बाहेर आल्या आल्या डॉक्टरीणबाईंच्या अंगावर अशी काही धार सोडली की टाके घालून घेता घेता मी हसत सुटले. बाई म्हणाल्या, हसू नका हो, माझा हात हलतो. त्यावर आणखी हसू. सगळी खोली हसत होती.

माहितीपटांत बाळंतपण एक तर भयंकर असतं नाही तर पवित्र. त्या खोलीत होणारा विनोद कोणी का दाखवत नाही?

चौथीखिडकी
दुपारचीगाडी, दाखवलाय. रमोना दियाझची 'मदरलँड', २०१७. मनिलामधलं फाबेला हे प्रचंड गर्दीचं सरकारी प्रसूती रुग्णालय, एकेका खाटेवर दोन-दोन बाळंतिणी. निवेदन नाही, कॅमेऱ्यासमोर बसवून घेतलेल्या मुलाखती नाहीत. त्या बायका एकमेकींची जी थट्टा करतात ती ऐकताना परिस्थिती किती बिकट आहे हे विसरायला होत नाही, पण त्या बिचाऱ्याही वाटत नाहीत.

अर्धविराम
थोडं अवांतर, पण विषयाला धरूनच. गरोदरपणाच्या माहितीपटात अंधारात तरंगणाऱ्या गर्भाची ती सुंदर चित्रं हमखास येतात. ती परंपरा लेनार्ट निल्सन या स्वीडिश छायाचित्रकाराची. 'लाइफ' मासिकाच्या ३० एप्रिल १९६५ च्या अंकात ती छापून आली आणि जगभर गाजली. फार थोड्यांना माहीत असतं की त्यातले बहुतेक गर्भ आईच्या पोटात नव्हतेच, गर्भपातानंतरचे, शरीराबाहेर ठेवून टिपलेले होते. जिवंतपणाचं प्रतीक म्हणून साऱ्या जगाने जी पाहिली ती बरीचशी मृत गर्भांची छायाचित्रं होती.

मला खटकतं ते आणखी एक. त्या चित्रांत बाई कुठेच नाही. गर्भाभोवती नुसता काळोख. जिच्या पोटात ते वाढतं तिची मळमळ, पायांची सूज, रात्री कूस बदलताना होणारा त्रास, काही नाही. कात्रीवाली, तुमच्याकडे असे तयार तुकडे विकत घेऊन घालायचा विचार असेल तर एकदा थांबा.

कात्रीवाली
अर्धविराम, निर्मात्यांच्या यादीत आहेत ते तुकडे. तुमचा प्रतिसाद मी दिग्दर्शिकेला जसाच्या तसा पाठवतेय.

संथवाहते
बराच वेळ लिहू की नको असं चाललं होतं.

माझं बाळ विसाव्या आठवड्याच्या सुमाराला गेलं. मला कळा आल्या, मी जोर लावला, टाके सोडले तर वर लिहिलंय ते सगळं झालं. नंतर दूधही आलं. हे कोणी सांगितलं नव्हतं. तिसऱ्या दिवशी ब्लाऊज ओला झाला तेव्हा मला समजेना की हे काय आहे.

आपल्याला दिवस गेलेत हे ज्यांना कळलेलं असतं अशा बायकांपैकी शंभरातल्या दहा ते पंधरा जणींचा गर्भ पडतो, बहुतेकींचा पहिल्या तीन महिन्यांतच. माझ्याइतकं पुढे जाऊन फार थोड्यांच्या वाट्याला येतं. पण गरोदरपणावरचे माहितीपट तीन-चार जोडपी निवडतात आणि शेवटी तिन्ही-चारही जणी बाळ घेऊन घरी जातात. जिचं नीट झालं नाही तिला बहुतेक मध्येच वगळलेलं असतं. मी म्हणत नाही की तुमच्या माहितीपटात मुद्दाम दुःख घाला. पण निदान एखादं वाक्य, बाजूच्या खाटेवरची एखादी बाई, काहीतरी असू द्या, जिच्याकडे बघून माझ्यासारखीला वाटेल की आपणही या गोष्टीतच आहोत.

निळीशाई
संथवाहते, लिहिलंत ते फार बरं केलंत. दूध येण्याबद्दल मलाही ठाऊक नव्हतं.

अनामिक_डॉक
संथवाहते, घरी पाठवण्याआधी हे सांगणं आमच्या लोकांचं काम होतं. साधारण सोळाव्या आठवड्यानंतर शरीर दुधाची तयारी करून बसलेलं असतं, वार सुटली की ते सुरू होतं. तुम्हाला ते एकटीने शोधून काढायला लागलं हे वाईट झालं.

सरळरेघ
संथवाहते यांचं वाचून मी माझं आधीचं म्हणणं थोडं आवरतो. भीती घालण्याबद्दल अजूनही तेच मत आहे, पण न दाखवल्यानेही माणूस एकटा पडतो हे पटलं.

एक वेगळी काळजी मात्र आहे. बाईने परवानगी दिली, नवऱ्याने दिली. बाळाचं काय? ते पंधरा वर्षांचं होईल आणि शाळेत कोणीतरी मोबाईलवर त्याचा जन्म सगळ्यांना दाखवेल. जुन्या काळी माहितीपट एकदा दाखवला की डब्यात जायचा. आता तो कधीच जात नाही.

अनामिक_डॉक
सरळरेघ, रास्त प्रश्न. आणि बाईच्या परवानगीबद्दलही एक सांगतो. सातव्या महिन्यात, खुर्चीवर बसून, चहूबाजूंनी विचार करून दिलेली सही वेगळी आणि कळांच्या भरात विचारलेला 'चालेल ना?' वेगळा. दुसऱ्याला मी परवानगी मानत नाही. त्या क्षणी बाई कशालाही हो म्हणेल किंवा कशालाही नाही. म्हणून आधी सही, मधे कधीही 'बंद करा' म्हणायची मुभा, आणि नंतर काही आठवड्यांनी, डोकं ठिकाणावर आल्यावर, पाहून पुन्हा होकार. तीन वेळा.

खोलीतला नियम मात्र एकच. मी 'बाहेर' म्हटलं की कॅमेरा बाहेर, चर्चा नाही. बाळंतपणानंतर रक्तस्राव सुरू झाला तर आमच्याकडे मिनिटं असतात. तेव्हा भिंतीला टेकून उभा असलेला माणूससुद्धा अडचण होतो. २०२३ मध्ये जगात दिवसाला सातशेहून जास्त बायका गरोदरपणात किंवा बाळंतपणात दगावल्या, बहुतेक टाळता येण्यासारख्या कारणांनी. हे माहितीपटात यायलाच हवं. पण त्या क्षणी माझ्या कोपराला लागून येऊ नये.

अर्धविराम
डॉक, सिझरबद्दलही लिहा ना. ते दाखवलं तर 'हे खरं बाळंतपण नाही' असं म्हणणारे निघतात.

अनामिक_डॉक
सात थर कापून बाळ काढतात, आणि दुसऱ्या दिवशी ती बाई त्या पोटानिशी उठून चालते. याला बाळंतपण नाही तर काय म्हणायचं?

चौथीखिडकी
सिझरवरून आठवलं. 'द बिझनेस ऑफ बीइंग बॉर्न' हा माहितीपट अमेरिकेतल्या प्रसूतिव्यवस्थेवर टीका करणारा, सुईणींच्या हातचं घरचं बाळंतपण उचलून धरणारा. चित्रीकरण चालू असताना दिग्दर्शिका अॅबी एप्स्टाइन स्वतःच गरोदर राहिली. दिवस भरायच्या आधी कळा आल्या, बाळ पायाळू, आणि तातडीने सिझर करावं लागलं. माहितीपटाच्या म्हणण्याला छेद देणारी ही घटना तिने त्यातच ठेवली. त्या माहितीपटाचा एकांगीपणा मला पटत नाही, पण या एका निर्णयासाठी मी त्याला मानतो.

दुपारचीगाडी
नंतरच्या दिवसांचं कोणी बोललं नाही अजून! पहिल्यांदा संडासला जाण्याची भीती. टाके उसवतील असं वाटून मी दाराला हात लावून कितीतरी वेळ उभी होते. दगडासारखी झालेली छाती. रात्री घामाने भिजलेली चादर. आणि रक्त तर पाच-सहा आठवडे जात राहू शकतं, हे मला तिसऱ्या आठवड्यात घाबरून फोन केल्यावर कळलं. कात्रीवाली, तुमच्याकडे दीड महिन्यापर्यंतचं आहे म्हणालात, त्यातलं किती ठेवताय?

रानपाखरू
+१. बाळ रडलं की नावं वर सरकायला लागतात, याचा मला फार राग आहे.

कात्रीवाली
मधले काही दिवस गायब होते, कारण त्या बाईला कच्चा कट दाखवायला गेलो होतो. दिग्दर्शिका, मी आणि ती, बाळ मांडीवर. डॉक म्हणतात तो तिसरा होकार.

मला वाटलं होतं ती शी आणि टाके काढायला सांगेल. शी आली तेव्हा तिने पडद्याकडे बघत म्हटलं, "राहू दे, सगळ्यांची होते ना?" टाक्यांच्या वेळी बाळाला दुसऱ्या खांद्यावर घेतलं आणि बघत राहिली. तिने थांबवलं ते बाहेरच्या व्हरांड्यातल्या दृश्याला. तिची आई बाकावर बसून रडतेय, पदर तोंडाशी. आम्हा दोघींना तो अख्ख्या माहितीपटातला सर्वांत चांगला शॉट वाटत होता. ती म्हणाली, "आईला माहीत नव्हतं तुम्ही तिथे आहात. हे काढा." आईची सही आमच्याकडे नव्हती. आम्ही सगळं लक्ष खोलीच्या आत ठेवलं होतं, दाराबाहेरच्यांना विचारायचं कोणाच्याच डोक्यात आलं नाही. काढलं.

दुसरं, तिने विचारलं, "मी इतका वेळ खिडकीपाशी उभी होते ते कुठे गेलं?" ते आम्ही दोन शॉटमध्ये आटोपलं होतं. तिच्या आठवणीत बाळंतपणाचा सर्वांत मोठा भाग तोच आहे.

तर आता असं ठरतंय: हा भाग एकोणीस मिनिटांचा. संगीत नाही. खिडकीचा भाग लांब, ठोक्यांच्या आवाजासकट, नर्सचं लिहिणंही. बाळ निळं ते गुलाबी, अखंड. समोरून घेतलेले शॉट थोडे, बाकी उशाशी. तयार गर्भचित्रं रद्द, हे दिग्दर्शिकेनेच सांगून टाकलं. नंतरच्या दीड महिन्याला बाळंतपणाइतकाच वेळ. संथवाहते, आमच्याकडे तिच्या शेजारच्या खाटेवरच्या बाईशी झालेलं एक बोलणं आहे, तिचं आधी एक बाळ गेलेलं होतं. तिची परवानगी घेतलेली आहे, पुन्हा दाखवून विचारणार आहोत. हो म्हणाली तर राहील.

बाळाचं नाव आणि आडनाव कुठेही येणार नाही. ऑनलाइन टाकण्याचा हक्क निर्मात्यांकडे एकट्याकडे नसावा, आईची दर वेळी संमती लागावी, अशी अट करारात घालायचा आग्रह धरतोय. सरळरेघ, तुमच्या प्रश्नाचं पूर्ण उत्तर यात नाही, मला कल्पना आहे. निर्मात्यांशी बैठक परवा आहे.

संथवाहते
तिने नाही म्हटलं तर अजिबात गळ घालू नका. विचारलंत, तेवढं पुरे आहे.

ध्वनिवेडा
एकोणीस मिनिटं संगीताशिवाय! बैठकीत निर्माते अडले तर त्यांना चित्र बंद करून नुसता आवाज ऐकवा. मोठ्या स्पीकरवर, मोबाईलवर नको.

सरळरेघ
मला अजूनही एकोणीस मिनिटं जास्त वाटतात. पण चेहरा असणार आहे आणि नंतरचंही असणार आहे, तर बहिणीला दाखवीन म्हणतो, तिचं बाळ झाल्यावर. सुरुवातीला काय दिसणार आहे याची स्पष्ट पाटी मात्र टाका, ज्याला नको त्याला उठून जाता यावं. आणि आईची संमती म्हणताय, त्यात मूल अठरा वर्षांचं झालं की पुढचा हक्क त्याचा, असंही घालता येतं का ते वकिलाला विचारा.

कात्रीवाली
पाटी टाकतो. अठराची अट उद्याच विचारते, परवाच्या बैठकीआधी मसुद्यात बसते का बघू.